पांडुरंग सांगवीकर चुकला, की त्याचा काळ? ('कोसला'च्या बैठकीसाठी मदत हवी)

वाघूरकाठ (जळगाव)
नमस्कार मंडळी. आमच्या वाचनकट्ट्यावर पुढच्या महिन्यात 'कोसला'वर दोन तासांची बैठक आहे. विषय ठरलाय : चुका करणारा नायक आपल्या काळाचा समाज कसा दाखवतो.

तयारीतच दोन तट पडले. एका गटाचं म्हणणं, पांडुरंग हा बापाच्या जिवावर उधळपट्टी करणारा मुलगा, त्याच्यात समाज कसला शोधता? दुसरा गट म्हणतो, तो काळाचा बळी, त्याला बोल लावायचाच नाही. मला दोन्ही पटत नाही. चुका त्याच्याच आहेत. पण त्या चुकांना जागा कुणी करून दिली हे पाहत गेलं, की १९६०च्या आगेमागे खानदेशातलं सुखवस्तू शेतकरी घर दिसतं आणि पुण्यातलं कॉलेजही दिसतं.

ज्यांचं वाचन जुनं झालं असेल त्यांच्यासाठी : कादंबरी १९६३ची. लेखक भालचंद्र नेमाडे आपल्याच यावल तालुक्यातल्या सांगवीचे. नायक पंचविशीत आपली हकिगत सांगतो. गावातून पुण्याला जातो, डिबेटिंगचा सेक्रेटरी होतो, गॅदरिंगचं नाटक बसवतो, होस्टेलात प्रीफेक्ट होतो, मेस चालवायला घेतो, पैशात बुडतो, परीक्षेत आपटतो, गावी परततो. मधे धाकटी बहीण मनी जाते.

माझी अडचण अशी की 'साहित्य समाजाचा आरसा' एवढं म्हणून दोन तास निघत नाहीत. पुस्तकातल्या नेमक्या कोणत्या जागा दाखवाव्यात?

सातपुडा_पायथा (यावल)
चांगला विषय. वाचतोय.

भुसावळ_जंक्शन
भाऊ, आधी पैशाचा माग काढा. भावनेवरून सुरुवात केली की अर्ध्या तासात सगळे 'आमच्या वेळी' वर जातात. पैसा कुठून आला, कुणाच्या हातात गेला, कुणी फेडला, हे एका कागदावर उतरवा. पुस्तक पुन्हा वाचताना पैशाचा उल्लेख आला की समासात पेन्सिलने खूण करत चला.

मेसचा भाग तर नीट समजून घ्यायलाच हवा, कारण आजच्या मुलांना डबा माहीत आहे, मेसचा हिशोब माहीत नाही. मुलांनी चालवलेल्या मेसचं गणित साधारण असं : भुसार, भाजी, दूध, तेल, कोळसा, आचारी आणि वाढप्यांचा पगार, सगळा खर्च एकत्र. त्याला महिन्याच्या एकूण ताटांनी भागलं की एका ताटाचा दर. जो जेवणार नाही त्याने आदल्या दिवशी खाडा सांगायचा, तरच ताट वजा. पाहुण्याचं ताट यजमानाच्या नावावर.

आता हे बिघडतं कुठे ते पाहा. समजा ४० मुलं, ३० दिवस, दोन वेळा, म्हणजे २४०० ताटं. खरे खाडे १५०, तर २२५० ताटं जेवली गेली. पण सेक्रेटरी भिडेचा असला, 'अरे मी त्या दिवशी नव्हतो' म्हणणाऱ्याला मागाहून खाडा देत गेला, पाहुणे लिहिले नाहीत, तर वहीत ताटं लागतात २०००. अडीचशे ताटं शिजली, पोटात गेली, आणि कुणाच्याच नावावर नाहीत. दर महिनाअखेरीला काढला तर तो भार इमानदार मुलांच्या बिलावर चढतो आणि ओरड होते. दर आधी बांधून दिला असेल तर खड्डा सेक्रेटरीच्या गळ्यात. वर थकबाकीदार वेगळे. आणि भुसारवाला उधारी देतो ती मेसला नाही, सेक्रेटरीच्या तोंडाकडे पाहून देतो.

एवढं फळ्यावर मांडलं की पांडुरंगाचा दोष कळतो. तो चोर नाही. त्याला 'नाही' म्हणता येत नाही आणि ताटं मोजणं त्याला हलकं वाटतं. कारण तो ज्या घरातून आलाय तिथे आल्यागेल्याचं ताट मोजणं म्हणजे घराण्याला बट्टा. गावात ज्याला दिलदारपणा म्हणतात, तोच पुण्यात मुदलासकट बुडवतो. यात १९६०चा समाज आहे. धान्याच्या कोठीवर वाढलेला मुलगा रोकड्याच्या व्यवहारात जाऊन पडला.

केळीचं_पान (सावदा)
याला आमच्या पट्ट्यातली एक गोष्ट जोडा. रावेर-यावल भागातला केळीचा पैसा बाग कापणीला आली की एकदम हातात येतो, तेही लागवडीनंतर वर्ष-दीड वर्षाने. सावदा, निंभोरा, रावेर स्टेशनांवरून वॅगन भरून माल दिल्लीकडे गेला की मग पट्टी, म्हणजे विक्रीचा हिशोब आणि पैसे. पण होस्टेलची मनीऑर्डर दर महिन्याला लागते. म्हणजे घर श्रीमंत असलं तरी दर महिन्याची रोकड ही त्या काळच्या शेतकऱ्याला जड गोष्ट. 'घरचं एवढं आहे, मग बाप पैशावरून का बोलतो' असं बैठकीत कुणी विचारलं तर हे सांगा. पगारदार बाप आणि बागायतदार बाप यांचा महिना वेगळा असतो.

मेहरूण_काठ
जंक्शन भाऊ, पांडुरंगाला वेळेवर खाडे मांडता आले असते तर कादंबरी शंभर पानांत आटोपली असती 😀

पांझरा_धुळे
वरचं सगळं मान्य, पण मला यात एक धोका दिसतो. ही कादंबरी आहे, कीर्दखतावणी नाही. आणि हे सगळं आपल्याला सांगतोय कोण? पांडुरंगच. पंचवीस वर्षांचा पांडुरंग अठरा-एकोणीस वर्षांच्या पांडुरंगाबद्दल बोलतोय. मधल्या काळात त्याचं हसं झालेलं आहे, मित्र पांगलेत, बहीण गेली आहे. त्यामुळे सुरुवातीच्या उत्साहाचं वर्णनही तो मागाहून उतरलेल्या चेहऱ्याने करतो. समाज थेट दिसत नाही, दुखावलेल्या माणसाच्या नजरेतून दिसतो.

सगळ्यात मोठा फटका बापाला बसतो. अख्ख्या पुस्तकात बापाची बाजू बापाच्या तोंडून कुठे आहे? तो हुकमी, व्यवहारी, गावात वजन असलेला माणूस, एवढंच मुलगा सांगतो. म्हणून बैठकीत हे करून पाहा : बापलेकातला एक खटका निवडा, तो आधी मोठ्याने वाचा, मग एकाने तोच खटका बापाच्या तोंडून पाच वाक्यांत सांगायचा. पुस्तकातली एकही घटना बदलायची नाही. ज्या वाक्याला बाप अडखळेल तिथे लेखकाने मुलाला झुकतं माप दिलंय. जिथे बाप सहज बोलेल तिथे मुलाची चूक.

चोपड्याची_वाचक
दादा, तुमनं म्हननं पटनं. पण बाप आणि लेक यांच्या हिशोबात मनीला कुठे बसवता?

मनी देवीच्या रोगाने (स्मॉलपॉक्सने) जाते. आज देवी म्हणजे काय हेच चाळिशीच्या आतल्यांना ठाऊक नाही, म्हणून तेही बैठकीत सांगावं लागेल. देवीची लस आपल्याकडे कालपरवा आलेली नव्हती. मुंबईत पहिली लस १८०२ मध्ये टोचली गेली. गावोगाव देवी काढणारे फिरायचे, दंडावर टोचायचे, फोड यायचा, खपली धरायची, ती पडली की जन्मभराचा वण. जुन्या माणसांच्या दंडावर तो अजून दिसतो. लस टोचली की ताप आणि ठणका, म्हणून घरची माणसं पोरं आत दडवायची. शिवाय देवी आल्या की औषधापेक्षा नवस, कडुलिंबाचा पाला आणि सोवळंओवळं. केंद्र सरकारची देवी निर्मूलन मोहीम सुरू झाली १९६२ला, आणि देशातला शेवटचा रोगी सापडला १९७५ला. कादंबरी बरोबर या दोन टोकांच्या मधे उभी आहे.

म्हणजे लस येऊन दीडशेवर वर्षं उलटली तरी खात्यापित्या घरातली मुलगी देवीने जाते. गरिबीने नाही. याच घरातून एका मुलाच्या शिक्षणासाठी पुण्याला पैसे जातायत. नायकाचा दोष कोणता म्हणाल तर मनी जाईपर्यंत तोही या सगळ्यातला एक लाभार्थीच आहे. ती गेल्यावर तो पेटून उठतो, घरादारावर चिडतो, तिथे पुस्तक एकदम वर जातं. मला विचाराल तर समाज बघायची पहिली जागा मेस नाही, हीच.

आणि पुस्तकात बायका किती बोलतात ते मोजा. आई, आजी, मनी, एवढ्यातच आटोपतं. कॉलेजात मुली असतात, पण लांबूनच. हा दोष नायकाचा की लेखकाचा की काळाचा, यावर अर्धा तास सहज जाईल.

भुसावळ_जंक्शन
ताई, मनीचा मुद्दा पहिला घ्यावा हे मान्य. मात्र कडुलिंब, नवस वगैरे बोलताना ते त्या काळच्या गावांचं सर्वसाधारण वर्णन म्हणून सांगा. पुस्तकात नेमकं काय आहे ते पान उघडून वाचा. दोन्हीची सरमिसळ झाली की जाणकार माणूस लगेच पकडतो.

चोपड्याची_वाचक
बरोबर. दोन वेगळे कागद करायचे.

अमळनेर_बोरी
थोडं विषयांतर करतो. होस्टेल म्हटलं की अमळनेरच्या माणसाला साने गुरुजी आठवणारच. १९२४ ते १९३० ते इथे प्रताप हायस्कुलात शिक्षक होते, छात्रालय सांभाळायचे, मुलांच्या खोल्या झाडायचे, कपडे घडी करून ठेवायचे. त्यांचा श्याम हाही चुकणारा नायक आहे. भितो, पोहायला जायला घाबरून लपतो, हट्ट करतो. पण तिथे रचना अशी की रात्र संपायच्या आत आई त्याला सुधारते. मुलाची चूक छोटी, घरातली, दुरुस्त होणारी. बाहेरची चूक मात्र दुरुस्त होत नाही : सावकाराचं कर्ज, भाऊबंदकी, खोताच्या घराची उतरती कळा. 'श्यामची आई' १९३३ला नाशिकच्या तुरुंगात लिहिलं गेलं. वाचक आईसाठी रडतो आणि सावकारीचं तसंच राहून जातं. गोष्ट कोकणातली असली तरी कर्जाचं ते चित्र खानदेशातल्या घरांनाही ओळखीचं होतं, म्हणून ते इकडे इतकं वाचलं गेलं असं मला वाटतं.

तीस वर्षांनी पांडुरंग येतो. त्याची चूक दुरुस्त करायला कुणीच येत नाही. छात्रालयात न सांगता खोली झाडणारा गुरुजी होता. पुण्याच्या होस्टेलात मुलगा बुडेपर्यंत कुणी विचारत नाही, आणि बुडाल्यावर सगळे बिल घेऊन येतात.

नाट्यवेडा_एरंडोल
तुलनाच करायची तर 'एकच प्याला'चा सुधाकर घ्या. आपल्याकडे चुकणाऱ्या नायकाचा तो मूळ पुरुष. गडकरी जानेवारी १९१९ मध्ये वारले, गंधर्व मंडळींनी फेब्रुवारीत बडोद्याला प्रयोग लावला. पदं वि. सी. गुर्जरांची.

सुधाकराची पडझड ज्या पायऱ्यांनी होते त्या पाहा. हुशार, गरिबीतून वर आलेला वकील. मुन्सफाशी खटका उडतो आणि वकिलीची सनद काही काळासाठी जाते. ज्या माणसाची सगळी पत त्या सनदेवर उभी, त्याला तोंड दाखवायची लाज वाटते. त्या लाजेवर उतारा म्हणून तळीराम पहिला प्याला हातात देतो. म्हणजे दारूच्या आधी अपमान आहे, आणि अपमानाच्या आधी इंग्रजी अमलातली कोर्टाची नोकरशाही. नाटक दारूबंदीचं म्हणून गाजलं आणि त्यामागे काळ होताच, १९०८ मध्ये पुण्यात टिळकांच्या पाठिंब्याने दारूच्या दुकानांवर पहारे बसले होते. पण समाज पाहायचा तर पहिल्या प्याल्याच्या आधीचा प्रवेश वाचा.

दुसरं म्हणजे रामलाल. नाटकातला शहाणा, सज्जन, सुधारक मित्र. त्यालाही गडकरी सोडत नाहीत. आसऱ्याला असलेल्या बालविधवा शरदकडे त्याचं मन ओढलं जातं आणि त्याला ते कबूल करावं लागतं. नुसता बिघडलेला नायक पाहून भागत नाही, त्याच्या शेजारी उभा केलेला 'चांगला माणूस' किती चांगला ठेवलाय तेही पाहायचं.

आणि शेवटी सिंधू. दळण दळून घर चालवते, तान्हं मूल नवऱ्याच्या हातून जातं, आणि मरताना फौजदारापुढे नवऱ्याला वाचवणारी जबानी देते. ती बालगंधर्वांनी रंगवल्यावर प्रेक्षकांचं सगळं लक्ष तिच्या सोसण्याकडे गेलं, सुधाकर मागे पडला. १९१९चा प्रेक्षक कशावर टाळ्या देत होता आणि कशावर डोळे पुसत होता, हाही समाजच आहे.

वाघूरकाठ
मंडळी, भरून पावलो. वरचं सगळं वाचताना एक धागा हाती लागतोय. सुधाकराची किंमत सिंधू भरते. श्यामची आई भरते. पांडुरंगाची मेस घरच्या पैशावर निभावते, आणि मनीच्या वाट्याला काहीच येत नाही. नायक काय चुकतो यापेक्षा त्याची चूक कोण पोटात घालतं आणि कोण भरतं, हे पाहिलं की त्या काळी कुणाला चुकायची मुभा होती ते कळतं. हीच मांडणी घेऊन बसू का?

गिरणा_पट्टा (भडगाव)
घ्या, पण 'समाज' हा शब्द जरा आवरून. पांडुरंग म्हणजे १९६०चा खानदेशी तरुण नाही. १९४८चा कूळकायदा, १९५७चा कृषकदिन (कसणारी कुळं जमिनीची मालक मानली गेली तो दिवस), १९६१चा जमीन कमाल धारणेचा कायदा, १९६२ला जिल्हा परिषदा. एवढी उलथापालथ गावात चालू असताना ज्या घराला मुलगा पुण्यात ठेवणं परवडत होतं, ते घर गावातल्या मूठभरांपैकी. जळगावचं मूळजी जेठा आणि अमळनेरचं प्रताप कॉलेज १९४५ पासून उभं होतं. फैजपूरला १९६१ला कॉलेज निघालं. ज्यांना फी माफीच्या सवलतीवर शिकायचं होतं ते यांत गेले, आणि त्यांना नापास व्हायची ऐपत नव्हती. सालदाराचा, म्हणजे वर्षाच्या बोलीवर राबणाऱ्या गड्याचा मुलगा मेस बुडवून गावी परतला असता तर दुसऱ्या दिवशी कामावर उभा असता. पांडुरंग रिकामा बसू शकतो, हताश होऊ शकतो. हा हताशपणासुद्धा जमिनीच्या उताऱ्यावर उभा आहे.

हे पुस्तकाला कमीपणा आणणारं नाही. उलट त्यामुळे नेमकं कळतं की चित्र कोणत्या थराचं आहे.

पांझरा_धुळे
उताऱ्याचं पटलं. पण गावी परतल्यावर शिकलेल्या बेकारांचा जो घोळका दिसतो, तो एका थरापुरता नव्हता. डिग्री घेतली की शेतात हात घालायचा नाही आणि नोकरी तर नाही, ही गोष्ट पुढच्या दहा वर्षांत सगळ्याच थरांत पसरली. कादंबरीने ती लवकर टिपली.

सातपुडा_पायथा
नेमाड्यांचाच चांगदेव पाटील पाहिलात तर? 'बिढार', 'हूल', 'जरीला', 'झूल'. तो प्राध्यापक होऊन गावोगावच्या कॉलेजांतून फिरतो.

अमळनेर_बोरी
चांगदेव पुष्कळसा शहाणा आहे आणि भोवतालच्या संस्था बिघडलेल्या. तिथे समाज जास्त दिसतो, पण नायकाच्या चुकीतून नाही, त्याच्या निरीक्षणातून. या बैठकीचा विषय चुकणारा नायक आहे, म्हणून पांडुरंगच बरा.

निवृत्त_मास्तर (पाचोरा)
उशिरा लिहितोय. अशा बैठका कुठे फसतात ते सांगतो, म्हणजे वेळ वाचेल.

पहिली चूक, नायकालाच लेखक समजणं. गाव सांगवी, आडनाव सांगवीकर, वय पंचवीस. लगेच कुणीतरी 'हे तर त्यांचंच' म्हणतं आणि गप्पा लेखकाच्या घरात शिरतात. सुरुवातीलाच हे दार लावून घ्या.

दुसरी, तीन काळांची गल्लत. गोष्ट घडते तो काळ १९५०च्या दशकाचा उत्तरार्ध, लिहिली गेली १९६३ला, आपण वाचतोय आज. 'त्याने मानसोपचार का घेतले नाहीत' हा आजचा प्रश्न झाला. 'त्या वेळी अशा मुलाला काय म्हणत' हा त्या काळचा. दोन्ही विचारावेत, पण कोणता विचारतोय ते ठाऊक असावं.

तिसरी, दोषाला लगेच कारण चिकटवणं. समाजाने बिघडवला म्हटलं की पात्राची निवड नाहीशी होते. त्यासाठी त्याच पुस्तकातला, तशाच परिस्थितीतला, पण तशी चूक न करणारा माणूस शोधायचा. होस्टेलात पांडुरंगासारखीच बाहेरगावची मुलं आहेत, ती सगळी बुडत नाहीत. जो भाग दोघांना सारखाच भोवतो तो समाज, उरलेला पांडुरंग. सुधाकरच्या बाजूला भगीरथ आहेच. तोही दारूत पडलेला, पण सुटतो.

आता वेळेचं. दोन तासांत चार उतारे पुरे, प्रत्येकी दोन-अडीच पानं, मोठ्याने वाचून. मनीचा भाग, मेसचा भाग, बापाशी खटका, परतल्यानंतरचं गाव. प्रत्येक उताऱ्याला दहा मिनिटं वाचन, पंधरा मिनिटं बोलणं. शंभर मिनिटं झाली. उरलेल्या वीस मिनिटांत 'एकच प्याला'चा सनदेचा प्रवेश घ्या, कारण तुलना शेवटी आली तर कामाची, आधी आली तर सगळे नाटकावरच बोलत बसतात. मनीचा उतारा वाचायला सराव केलेला माणूस द्या. तो सपाट आवाजातच वाचला गेला पाहिजे, रडवेला केला की मरतो. आणि 'कोण भरतं' हा वाघूरकाठ यांचा प्रश्न प्रत्येक उताऱ्यानंतर तोच विचारा.

चोपड्याची_वाचक
सर, एक दुरुस्ती सुचवते. मनीचा उतारा आधी वाचला तर मागून मेसवर कुणाला बोलता येणार नाही. मेस, बाप, मनी, मग गाव असा क्रम ठेवा.

निवृत्त_मास्तर
ताईंचं बरोबर आहे. तोच क्रम.

वाघूरकाठ
ठरलं. जंक्शन भाऊ, ताटांचं गणित फळ्यावर मांडायला तुम्ही या. गिरणा_पट्टा, मेसनंतर पाच मिनिटं जमिनीच्या कायद्यांवर. ताई, देवीच्या लसीचा कागद तुमच्याकडे. बापाच्या तोंडून बोलायला कोण तयार आहे?

केळीचं_पान
मी बोलतो. पण पांझरा नाना, पाच वाक्यं कमी पडतील, सात द्या. बाग कापली जायची आहे, मनीऑर्डर पाठवून झाली आहे, पोरगा नापास झालाय आणि गावात लोक विचारतायत, एवढं तरी त्याला सांगता आलं पाहिजे.

पांझरा_धुळे
दिली सात. पण मनी गेल्यानंतरचा खटका निवडाल तर त्या सातांत तिचं नाव आलं पाहिजे. बाप ते कुठल्या वाक्यात घेतो, ते मला ऐकायचंय.